भागीदाराची माणसं दारात येतात. कोर्ट पोलीस देईल का?

प्रश्न थोडक्यात असा. कोल्हापूरजवळच्या एका एमआयडीसीत दोघांनी मिळून मशीन शॉप चालवलं, गेल्या वर्षी फाटलं. जुना भागीदार म्हणतो माझं १ कोटी १० लाख येणं आहे. प्रश्नकर्ते म्हणतात, हिशेब लागला तर उलट त्याच्याकडूनच निघेल. आता भागीदाराचा मेव्हणा चार-पाच जण घेऊन शेडवर येतो, कामगारांसमोर शिवीगाळ करतो, 'पोरगा कुठल्या कॉलेजला जातो ते माहीत आहे' म्हणतो. पोलिसांनी एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) लिहून घेतली आणि 'तुमचा व्यवहाराचा वाद आहे, कोर्टात जा' असं सांगून परत पाठवलं. मित्राचा सल्ला असा की आता हायकोर्टाचं सर्किट बेंच इथंच आहे, रिट याचिका टाका, आठ दिवसांत गनमॅन मिळतो. हे खरं का? आणि जाता जाता शेवटी एक वाक्य: 'अकरा दिवसांपूर्वी आले तेव्हा त्यांनी गेट लावून घेऊन दोन कोऱ्या चेकवर सह्याही घेतल्या.'

मी २६ वर्षं कोल्हापुरात वकिली करतोय. माझ्या टेबलासमोर बसणारा माणूस सगळ्यात महत्त्वाची गोष्ट नेहमी उठताना, चपला घालताना सांगतो. तुम्हीही तेच केलंय. तेव्हा गनमॅनचं नंतर बघू, आधी त्या चेकचं.

नुसती धमकी, मग ती जिवे मारण्याची का असेना, भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ मध्ये येते, आणि नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या परिशिष्टात हा गुन्हा अदखलपात्र आहे. म्हणून ठाणे अंमलदार एनसी फाडून देतो. त्यात त्याचा आळस असेलही, पण कायदाही त्याच्या बाजूनं आहे: कलम १७४ प्रमाणे त्यानं नोंद करायची, तुम्हाला मॅजिस्ट्रेटकडे जायला सांगायचं, आणि मॅजिस्ट्रेटच्या हुकमाशिवाय तपासाला हात घालायचा नाही. पण भीती घालून कोऱ्या चेकवर सही घेणं ही धमकी राहत नाही, ती खंडणी होते. न्याय संहितेच्या कलम ३०८ ची व्याख्या नीट वाचा. पैसे काढून घेतलेच पाहिजेत असं त्यात नाही. ज्याचं पुढं मौल्यवान दस्तऐवजात रूपांतर होऊ शकेल असा सही केलेला कागद भीतीपोटी द्यायला लावला तरी पुरे. शिक्षा सात वर्षांपर्यंत, गुन्हा दखलपात्र. त्यात गेट आतून लावून घेतलं असेल तर बेकायदेशीर अटकाव, पाच किंवा जास्त जण असतील तर बेकायदेशीर जमाव. याची एनसी होत नाही, याचा एफआयआर होतो.

मग झाला का नाही? तुमची तक्रार न बघताही मी अंदाज करू शकतो. पहिली दीड पानं भागीदारीची असणार. २०१६ ला धंदा सुरू केला, बँकेचं कर्ज माझ्या घरावर, त्यानं लेथ विकले, जीएसटीचा घोळ घातला. सह्या घेतल्याचं वाक्य तिसऱ्या पानावर, खाली. हवालदारानं पहिलं पान वाचलं आणि त्याला 'व्यवहार' दिसला. सर्वोच्च न्यायालयानं २०१३ च्या ललिता कुमारी निकालात सांगितलं की दखलपात्र गुन्ह्याची माहिती आली तर एफआयआर नोंदवणं बंधनकारक आहे. पण त्याच निकालात व्यापारी व्यवहाराचे वाद हे आधी प्राथमिक चौकशी करता येईल अशा प्रकारांत घातलेत. म्हणजे तुम्ही स्वतःच्या हातानं 'व्यापारी वाद' असं लिहून दिलंत की पोलिसांना थांबायला जागा मिळते.

याच विषयात मी स्वतः तोंडावर पडलेलो आहे. वकिलीची सुरुवातीची वर्षं, तेव्हा हायकोर्ट म्हणजे रात्रीची महालक्ष्मी एक्सप्रेस पकडून मुंबई. एका व्यापाऱ्यासाठी पोलीस संरक्षणाचं रिट केलं आणि मोठ्या हौसेनं त्यात सगळा हिशेब घातला: खातेउतारे, उधारी, व्याज, चाळीस पानं. धमकीचा मजकूर होता दोन परिच्छेद. न्यायमूर्तींनी पानं उलटली आणि विचारलं, ही वसुली आहे की संरक्षण? मला उत्तर सुचायच्या आत याचिका मागे घ्यायची परवानगी मिळाली होती. परतीच्या गाडीत पक्षकार माझ्याशी बोलला नाही, आणि त्याचं बरोबरच होतं. तेव्हापासून माझा एक नियम आहे. संरक्षणाच्या अर्जात धमकी लिहायची. हिशेबाला दोन ओळी, तेही धमकीमागचं कारण कळावं म्हणून.

तेव्हा नवी तक्रार लिहा. एका पानात. तारीख, वार, वेळ, कोण आलं, कोणत्या गाडीतून, कोण कुठं उभं होतं, तोंडून निघालेले नेमके शब्द. शिवी असेल तर शिवी जशीच्या तशी; 'अर्वाच्य भाषा वापरली' यावरून कोर्टाला काही कळत नाही. चेकचे नंबर, बँक, शाखा. समोर असलेल्या कामगारांची नावं. पण त्यांना आधी विचारा, कारण महिना पंधरा-अठरा हजारांवर काम करणारा माणूस तुमच्या भांडणात साक्षीला उभा राहायला कचरतो आणि त्यात त्याची चूक नाही. ही तक्रार ठाण्यात द्या आणि आवकचा शिक्का घ्या. घेत नसतील तर वाद घालत बसू नका, स्पीड पोस्टानं पाठवा. मग नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) प्रमाणे पोलीस अधीक्षकांकडे. तिथं काही झालं नाही तर मॅजिस्ट्रेटपुढं कलम १७५(३) खाली प्रतिज्ञापत्रासह अर्ज. या पायऱ्या गाळून वर उडी मारता येत नाही. मॅजिस्ट्रेट पहिल्यांदा हेच बघणार की अधीक्षकांकडे गेला होता का, आणि हायकोर्टही तेच विचारणार.

बँकेला आजच्या आज लेखी कळवा की हे दोन चेक बळजबरीनं घेतलेत, पैसे देऊ नका. एवढ्यानं तुम्ही सुटत नाही हेही ध्यानात ठेवा. 'स्टॉप पेमेंट'मुळे परत गेलेल्या चेकवरही निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्याच्या कलम १३८ चा, म्हणजे चेक न वटल्याचा, खटला होऊ शकतो, आणि सही तुमची असली की चेक देणं फेडण्यासाठीच दिला असं कायदा गृहीत धरून चालतो; ते खोडून काढायचं ओझं तुमच्यावर. तिथं तुम्हाला वाचवेल ती तक्रारीची तारीख. चेक बँकेत पडण्याआधी तक्रार दिलेली असेल तर वजन वेगळं. नोटीस आल्यावर 'अहो, सह्या जबरदस्तीच्या होत्या' म्हणणारे पक्षकार मी ढिगानं बघितलेत, आणि त्यांच्याकडं बघणारे मॅजिस्ट्रेटही.

आता चॅप्टर केस. पोलीस तुम्हाला सांगतील, त्यांच्यावर प्रतिबंधक कारवाई करतो. हे नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १२६: कार्यकारी दंडाधिकारी, म्हणजे आपल्याकडं बहुतेक वेळा तहसीलदार, समोरच्याकडून शांतता राखण्याचा बाँड घेऊ शकतो, जास्तीत जास्त एका वर्षाचा. पुण्या-मुंबईत हे अधिकार पोलीस आयुक्तालयातल्या अधिकाऱ्यांकडे असतात. कोल्हापूर जिल्ह्याला आयुक्तालय नाही, म्हणून कागद ठाण्यातून तहसील कचेरीत जातो आणि तिथल्या तारखांना लागतो. गंमत अशी की पोलीस बरेचदा दोन्ही बाजूंवर चॅप्टर टाकतात. तुम्हाला नोटीस आली की तुमचा संताप होणार: 'मार खाल्ला मी आणि बाँडही मीच द्यायचा?' रागावू नका, हजर राहा, तुमचे कागद दाखवा. तुमच्या बाजूनं हे उपयोगीही पडतं. बाँड दिल्यावर मेव्हणा पुन्हा आला तर ते बाँड मोडणं होतं, आणि मग त्याला आत घालायला वेगळं कारण लागत नाही.

पण एक अट आहे. तुम्ही तालमीतली पोरं बोलावलेली असता कामा नयेत. हे मी कोल्हापुरात बसून सांगतोय म्हणून जोर देऊन सांगतो. इथं प्रत्येकाच्या ओळखीत एखादं मंडळ, एखादी तालीम असतेच, आणि 'नुसती चार पोरं गेटवर बसू देत' हा सल्ला पहिल्या संध्याकाळीच मिळतो. ज्या दिवशी तुमची चार पोरं गेटवर बसली, त्या दिवशी तुम्ही धमकावलेला माणूस राहत नाही. तुम्ही दोन गटांतला एक गट होता. पुढं कुठल्याही कोर्टात सरकारी वकील हेच पहिलं वाक्य म्हणतो, दोन्ही गट परस्परविरोधी आहेत, आणि विषय तिथंच मिटतो. तसंच, कुणीतरी मध्यस्थ बोलावून हॉटेलात तांबडा-पांढरा मागवून 'मिटवून टाकू' म्हणेल. जेवणाला माझी हरकत नाही. पण तडजोड वकिलाच्या ऑफिसात किंवा जिल्हा न्यायालयाच्या मध्यस्थी केंद्रात करा. हॉटेलात सही झालेल्या कागदावरून पुढचा वाद सुरू होतो.

आता मित्राच्या गनमॅनकडे येतो.

१८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग असे सहा जिल्हे त्याच्याकडं आहेत. चाळीस वर्षांहून जास्त काळ आम्ही वकील मंडळी यासाठी रस्त्यावर बसलो, तेव्हा त्याचं मोल मला सांगायला नको. रिट आता रिक्षानं जाऊन दाखल करता येतं. पण मुंबईचं अंतर वाचलं म्हणून रिटचे नियम सैल झालेले नाहीत.

घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली तुम्ही मागता ते असं: जीविताचं रक्षण करणं पोलिसांचं कर्तव्य आहे, आम्ही मागणी केली, त्यांनी ती केली नाही, तर त्यांना ते करायला लावा. 'मागणी केली' हा कागद म्हणजे तुमचा अधीक्षकांकडचा अर्ज. तो नसेल तर याचिका उभीच राहत नाही. अर्ज असेल तर पहिल्या तारखेला साधारण असं होतं: सरकारी वकील सूचना घेऊन सांगतो म्हणून वेळ मागतात, अधीक्षक कार्यालयातून अहवाल येतो, कोर्ट म्हणतं की अर्जावर इतक्या दिवसांत निर्णय घ्या, दरम्यान गस्त ठेवा, अर्जदाराला जबाबदार अधिकाऱ्याचा नंबर द्या. बहुतेक याचिका इथं संपतात. लोक निराश होतात, 'वकिलाला एवढी फी दिली आणि मिळाला एक मोबाईल नंबर' म्हणतात. मी उलट म्हणतो. ज्या हवालदारानं तुम्हाला काल बाकावर बसवून ठेवलं होतं, त्याच्या निरीक्षकाला आता हायकोर्टात काय सांगायचं याची काळजी आहे. तुमच्या शेडवरून रात्री अकराला आणि पहाटे तीनला जीप जायला लागते. मेव्हण्याला बोलावून समज दिली जाते आणि त्याची स्टेशन डायरीत नोंद होते. चार-पाच जणांच्या टोळक्याला परतवायला बहुतेक वेळा एवढं पुरतं.

प्रत्यक्ष शस्त्रधारी पोलीस द्यायचा की नाही हे धोक्याच्या मूल्यमापनावर ठरतं, आणि ते मूल्यमापन पोलीसच करतात. पोलिसांच्या गोपनीय शाखेचा माणूस येऊन शेजारपाजारी विचारतो, जिल्हा विशेष शाखेकडून अहवाल जातो. कोर्ट स्वतःचा अंदाज त्या जागी शक्यतो घालत नाही. फार तर तो अंदाज विनाकारण काढलाय का एवढं तपासतं. पोलीस दिला तरी तो मुदतीपुरता, आणि खासगी माणसाला त्याचा खर्चही भरावा लागू शकतो. महाराष्ट्र पोलीस अधिनियमातल्या कलम ४७ मध्ये तर अर्जदाराच्या खर्चानं जादा पोलीस देण्याची तरतूदच आहे.

आणि पोलीस मिळाल्यावर काय होतं तेही ऐका. गुळाच्या एका अडत्याला आम्ही खरोखरच संरक्षण मिळवून दिलं होतं. पैशाच्याच वादातून त्याच्यावर हल्ला झालेला होता, त्यामुळं प्रश्न नव्हता. अडतीच्या दारात खुर्ची टाकून बंदूकवाला शिपाई बसला. पंधरा दिवसांत शेतकऱ्यांनी माल दुसऱ्या अडतीला वळवला. कुणी काही बोललं नाही. फक्त बैलगाडी, टेम्पो पुढच्या दारात थांबायला लागले. दीड महिन्यानं त्यानं स्वतः अर्ज दिला, संरक्षण काढून घ्या. तुमच्या शेडवर मोठ्या कंपन्यांचे इन्स्पेक्टर माल बघायला येत असतील. विचार करून मागा.

सर्वोच्च न्यायालयानं २००६ मध्ये पी. आर. मुरलीधरन यांच्या प्रकरणात एक गोष्ट स्पष्ट केलेली आहे, आणि ती तुमच्या बाबतीत तंतोतंत लागू पडते: मालमत्तेचा किंवा हक्काचा जो वाद दिवाणी कोर्टात ठरायला हवा, तो पोलीस संरक्षणाच्या रिटमधून ठरवून घेता येत नाही. दिवाणी कोर्टाचा हुकूम किंवा डिक्री हातात असेल तर त्या हक्काच्या रक्षणासाठी असं रिट चालतं. म्हणजे 'शेड माझी, त्याला आत येऊ देऊ नका' हे तुम्हाला हायकोर्टाकडून पहिल्या फटक्यात मिळणार नाही. त्यासाठी दिवाणी कोर्टातून मनाईहुकूम आणा, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ चा. भागीदारीच्या करारात लवादाचं कलम असेल तर लवाद कायद्याच्या कलम ९ खाली तोच अर्ज. मनाईहुकूम मिळाल्यावर त्याच कोर्टाला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदत मागता येते. माझ्या अनुभवात धंद्याच्या भांडणात पोलिसांना हलवणारा सगळ्यात कामाचा कागद हाच. कारण मग इन्स्पेक्टरला 'कोण खरं' हे ठरवावं लागत नाही, हुकमाची अंमलबजावणी एवढंच करायचं असतं. हुकूम मोडला तर समोरच्याची मालमत्ता जप्त करण्याचा आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवण्याचा अधिकार कोर्टाला आहे. वाद व्यापारी स्वरूपाचा आणि तीन लाखांच्या वरचा असल्यानं दाव्याआधी मध्यस्थीची सक्ती येते, पण तातडीचा मनाईहुकूम मागत असाल तर त्यातून सूट आहे. दाव्यात ती तातडी खरी दिसली पाहिजे.

तुमची भागीदारी नोंदलेली आहे का, हे तुम्ही लिहिलेलं नाही. उद्यमनगरापासून एमआयडीसीपर्यंत निम्म्या भागीदाऱ्या स्टॅम्पपेपरवर सही करून कपाटात ठेवलेल्या असतात असा माझा समज आहे. नोंदणी नसली तरी हातपाय गाळू नका. नोंद नसलेल्या भागीदारीच्या विसर्जनाचा आणि हिशेबाचा दावा करता येतो. महाराष्ट्रानं १९८४ च्या दुरुस्तीनं तो मार्ग बंद केला होता, सर्वोच्च न्यायालयानं २००९ मध्ये ती दुरुस्ती घटनाबाह्य ठरवली. तो १ कोटी १० लाखांचा आकडा जिथं मांडायचा, ती जागा ही.

खंडणीचा एफआयआर झाला की आणखी एक दार उघडतं, जे फारसं कुणी वापरत नाही. साक्षीदार संरक्षण योजना, २०१८: सर्वोच्च न्यायालयानं महेंदर चावला प्रकरणात ती मंजूर केली, आणि नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम ३९८ नं अशा योजनेला कायद्यातच जागा दिली. तिच्यात जिल्ह्याच्या समितीचे अध्यक्ष जिल्हा न्यायाधीश असतात, पोलीसप्रमुख सदस्य असतात. सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांतले साक्षीदार त्यात येतात, आणि तुम्ही व तुमचे कामगार दोघंही साक्षीदार आहात. अर्जावर धोक्याचा अहवाल पाच कामकाजाच्या दिवसांत द्यायचा असं योजनेत लिहिलंय. संरक्षण म्हणजे गनमॅनच असं नाही: फोन-मेलवर लक्ष, घराला सीसीटीव्ही, कोर्टात ने-आण, गस्त असं बरंच काही त्यात बसतं. एका वेळी जास्तीत जास्त तीन महिने. रिटपेक्षा हा रस्ता मला कित्येकदा बरा वाटतो, विशेषतः त्या कामगारांसाठी, ज्यांच्याकरता रिट कुणीच करणार नाही.

मुलाचं म्हणाल तर कॉलेजला त्याला सोडायला माणूस पाठवा, पण प्राचार्यांना लेखी कळवा आणि त्या पत्राची पोच ठेवा. पुन्हा कुणी शेडवर आलं तर ओळखीच्या हवालदाराला फोन लावत बसू नका; ११२ लावा. ओळखीच्या फोनची कुठं नोंद राहत नाही, ११२ ची राहते. पिस्तुलाच्या परवान्याचा अर्ज करू का, असा पुढचा प्रश्न येईल, सध्या नको.

आणि आता, हे वाचून होताच उठायचं कारण. सह्या घेतल्या त्या दिवसाला अकरा दिवस झाले म्हणता. शेडला कॅमेरे असतील तर चित्रण साठवणाऱ्या डीव्हीआरची डिस्क बहुधा पंधरा-वीस दिवसांत भरते आणि जुनं पुसून वर नवं चढतं. बसवणाऱ्या माणसाला आज बोलवा, त्या दिवसाचं चित्रण उतरवून घ्या, जमल्यास मूळ डिस्कच काढून दुसरी बसवा आणि काढलेली कुणाच्या हातात दिली ते लिहून ठेवा. कोर्टात ते दाखवायचं तर साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं, हॅश व्हॅल्यूसह (फाइलमध्ये फेरफार नाही हे दाखवणारा आकडा). एक भाग तुम्ही भरायचा, दुसरा तज्ज्ञानं. ते पुढच्या आठवड्यात करता येईल. डिस्क मात्र आज.